पडद्यामागचे माथाडी

१२ जानेवारी २०२१ च्या पहाटे हडपसरजवळच्या मांजरीतून कोरोना लसीचे पहिले तीन ट्रक पुण्याच्या विमानतळाकडे निघाले. निघण्यापूर्वी त्यांची पूजा झाली आणि तो क्षण सगळ्या देशाने दूरचित्रवाणीवर पाहिला. नऊ दिवसांनी, २१ जानेवारीला, त्याच सीरम इन्स्टिट्यूटच्या मांजरीच्या आवारात बांधकाम चालू असलेल्या एका इमारतीला आग लागली आणि तीत पाच कामगार मृत्युमुखी पडले. कॅमेरे त्याही दिवशी आले. धुराचे लोट दिवसभर दाखवले गेले, मंत्र्यांच्या भेटी दाखवल्या गेल्या, आणि मग कॅमेरे पुढच्या बातमीकडे वळले.

वृत्तवाहिन्यांना त्याबद्दल दोष देण्याचे कारण नाही. बातमीचे आयुष्य एका दिवसाचे असते. ते पाच कामगार कोणत्या गावांहून आले, कोणाच्या हजेरीपटावर त्यांची नावे होती, त्यांच्या मागे राहिलेल्यांचे पुढे काय झाले, हे महिनोन्‌महिने माग काढून, माणसांचा विश्वास संपादन करून, चित्र आणि ध्वनी यांच्या रूपाने नोंदवून ठेवणे हे बातमीचे काम नव्हेच. ते काम अनुबोधपटाचे. हल्ली त्याला माहितीपट म्हणण्याची चाल पडली आहे. पण माहिती काय, जाहिरातही देते. म्हणून जुना शब्दच बरा. आता अनुबोधपट निघावा असे वाटत असेल, तर तो काढणारी माणसे त्या कामावर जगली पाहिजेत. हा अर्थशास्त्राच्या पहिल्या धड्यातला प्रश्न आहे. कोणत्याही वस्तूचा पुरवठा चालू राहायचा असेल, तर ती निर्माण करणाऱ्या श्रमाचा निर्वाहखर्च कुठून तरी भागला पाहिजे. अनुबोधपटाच्या बाबतीत तो कुठून भागतो, याची चौकशी दिल्लीतल्या नभोवाणी मंत्रालयाने केलेली नाही, मुंबईतल्या सांस्कृतिक खात्याने केलेली नाही, आणि कामगार चळवळीनेही केलेली नाही. तिसऱ्या वगळणुकीबद्दल या पृष्ठाच्या वाचकांना अधिक वाईट वाटायला हवे.

अनुबोधपट म्हटले की दिग्दर्शकाचे नाव पुढे येते. पारितोषिक त्याला मिळते, मुलाखत त्याची छापून येते. त्याच्यामागे कॅमेरामन असतो, ध्वनिमुद्रक असतो, संकलक असतो, संशोधन करणारी, मुलाखतींचा शब्दशः उतारा काढणारी, भाषांतर करणारी माणसे असतात, आणि सामान वाहून नेणारा व गाडी चालवणारा असतो. कथापटाच्या संकलकाला लिखित पटकथेचा आधार असतो. अनुबोधपटाच्या संकलकापुढे येऊन पडते ते अस्ताव्यस्त आयुष्य. कित्येक तासांच्या चित्रणातून वीस किंवा साठ मिनिटांची सुसंगत मांडणी त्याला शोधून काढावी लागते, आणि ती शोधताना कोणाच्या तोंडचे वाक्य कुठे तोडल्यास त्या माणसावर अन्याय होईल याचे भान क्षणोक्षणी ठेवावे लागते. ध्वनिमुद्रकाचे कष्ट समजून घ्यायचे असतील, तर सायंकाळी सहा वाजता हडपसरच्या गाडीतळावर उभे राहावे. सोलापूर रस्त्यावरच्या वाहनांच्या त्या कल्लोळात एखाद्या हातगाडीवाल्याचा थकलेला, खालच्या पट्टीतला आवाज स्वच्छ टिपायचा, तोही त्याला संकोच न वाटू देता, ही विद्या आहे. पूर्वी ऋणप्रत कापणारे कारागीर असत. हातमोजे घालून, श्वास रोखून ते काम करीत, कारण चुकलेली कात्री परत फिरवता येत नसे. आज ते काम गेले. त्याच्या जागी रोज रात्री चित्रण दोन-तीन ठिकाणी उतरवून जपून ठेवणारा तरुण आला. त्याची एक डुलकी महिन्याचे काम पुसून टाकू शकते.

या श्रमाची उपेक्षा नवी नाही. ती भारतीय चित्रपटाच्या जन्माबरोबरच जन्माला आली. दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) काढण्याआधी कुंडीतल्या वाटाण्याचे रोप कसे वाढते याचे रोज थोडे थोडे चित्रण करून एक चिमुकला पट तयार केला. अनुबोधपटाच्या जातीचेच ते काम. त्या काळात फिल्मला कडेची छिद्रे पाडण्यापासून ती धुण्याची रसायने सिद्ध करण्यापर्यंतची कामे सरस्वतीबाई फाळके करीत, आणि तेच हात कंपनीतल्या सगळ्यांचा स्वयंपाकही करीत. दादासाहेबांच्या नावे देशातला सर्वोच्च चित्रपट पुरस्कार आहे, आणि तो असणे योग्यच आहे. सरस्वतीबाईंचे नाव मात्र अभ्यासकांच्या पुस्तकांपलीकडे क्वचितच उच्चारले जाते. घरच्या बाईचे श्रम हिशेबात धरायचे नसतात, हा नियम या धंद्याने पहिल्याच दिवशी गिरवला. पुढे तो घराबाहेरच्या माणसांनाही लागू केला, एवढेच.

स्वातंत्र्यानंतर एक अपवाद घडला. युद्धकाळात ब्रिटिश सरकारने उभारलेली वृत्तपट व माहितीपटांची यंत्रणा १९४६ मध्ये बंद झाली होती. परिणामी १९४७ च्या ऑगस्टमधला सत्तांतराचा सोहळा चित्रित करण्यास सरकारचे स्वतःचे पथकच नव्हते; जे चित्रण आज आपण पाहतो ते इतरांनी केलेले. ती चूक ध्यानी घेऊन १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजन स्थापन झाली. प्रत्येक चित्रपटगृहाने तिचे पट दाखवलेच पाहिजेत आणि त्यापोटी निव्वळ उत्पन्नाचा एक टक्का भाडे म्हणून भरले पाहिजे, अशी व्यवस्था झाली. चित्रपटगृहवाल्यांना ती जाचक वाटे. १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या सक्तीच्या प्रदर्शनाला मान्यता दिली. प्रेक्षक त्या वेळात बाहेर विडी ओढत असत ही गोष्ट खरी आहे. पण त्या एक टक्क्याच्या आधारावर कॅमेरामन, संकलक, ध्वनिमुद्रक, चेतनापटाचे चित्रकार यांना दरमहा वेतन मिळे, रजा मिळे, निवृत्तिवेतन मिळे. पुण्यात प्रभात स्टुडिओच्या जागेवर १९६० मध्ये चित्रपट शिक्षणाची संस्था आली, १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आले. शिकवणारी संस्था, नोकरी देणारी संस्था आणि केलेले काम जपणारी संस्था, अशी तिन्ही अंगे सार्वजनिक मालकीची होती. प्रमोद पती, एस. एन. एस. शास्त्री यांच्यासारख्यांनी सरकारी छपराखाली जे धाडसी प्रयोग केले, ते बाजाराने कधीही करू दिले नसते. आठ हजारांहून अधिक पटांचा तो साठा म्हणजे प्रजासत्ताकाची स्मरणवही होय.

याच संस्थेने आणीबाणीत सरकारची भाटगिरी केली, वीस कलमी कार्यक्रमाचे ढोल वाजवले, हे सांगितल्यावाचून पुढे जाता येणार नाही. त्याच काळात बिहारच्या आंदोलनावरचा 'क्रांती की तरंगें' हा आनंद पटवर्धनांचा पट देशात उघडपणे दाखवणे अशक्य होते. त्याची प्रत तुकड्यातुकड्यांनी देशाबाहेर न्यावी लागली. अच्युतराव पटवर्धनांच्या या पुतण्याने पुढे दूरदर्शनशी वर्षानुवर्षे न्यायालयात झुंज दिली आणि २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयातही जिंकली. तेव्हा सरकारी मक्तेदारीचे गोडवे गाण्याचा येथे हेतू नाही. पण मंत्र्याच्या हातचे बाहुले झालेली संस्था स्वायत्त करणे हा एक उपाय आहे, आणि तिचे दुकान करणे हा वेगळा. डिसेंबर २०२० मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने दुसरा उपाय पसंत केला. फिल्म्स डिव्हिजन, बालचित्र समिती, चित्रपट महोत्सव संचालनालय आणि पुण्याचे चित्रपट संग्रहालय या चारही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ नावाच्या सरकारी कंपनीत विलीन करण्याचे ठरले आणि मार्च २०२२ च्या अखेरीस तसे आदेश निघाले. साठ्याची मालकी सरकारकडेच राहील, असे आश्वासन देण्यात आले. फिल्मच्या डब्यांविषयी आश्वासन मिळाले. त्या डब्यांतले पट घडवणाऱ्यांच्या जागा पुढे कशा भरायच्या, भरायच्या की नाहीत, याविषयी तेवढ्या ठळकपणे कोणी बोलले नाही. आणि प्रचार? तो थांबला, असे महामंडळाचे कट्टर समर्थकही म्हणणार नाहीत. खात्याची कंपनी झाल्याने सत्तेची मर्जी सांभाळण्याचा रोग बरा होतो, असे वैद्यकशास्त्रात कुठे नमूद नाही.

नोकरी गेली तरी कायद्याचे संरक्षण असेल, असे भाबड्या माणसाला वाटेल. त्याने १९८१ हे साल नीट तपासावे. त्या एका वर्षात तीन गोष्टी घडल्या. पहिली गोष्ट पुण्याची. धुणीभांडी करणाऱ्या स्त्रिया काम बंद करून रस्त्यावर उतरल्या, त्यांची संघटना झाली, आणि 'युगांतर' या स्त्रियांच्या चित्रपट गटाने त्यांच्यावर 'मोलकरीण' हा अनुबोधपट काढला. दिग्दर्शन दीपा धनराज यांचे, कॅमेरा नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांचा. पुढच्या वर्षी याच गटाने निपाणीच्या तंबाखू कामगार स्त्रियांच्या लढ्यावर 'तंबाखू चाकिला ऊब आली' केला. ज्यांना कायदा कामगार मानायलाही तयार नव्हता, अशा स्त्रिया संघटित कशा होतात, हे या पटांनी नोंदवले. आज ते पट नीट स्वरूपात पाहता येतात, त्याचे बरेचसे श्रेय बर्लिनच्या आर्सेनाल या संस्थेने केलेल्या जतनकार्याला आहे. कोथरूडच्या संग्रहालयापासून हाकेच्या अंतरावर घडलेल्या गोष्टीची आठवण बर्लिनने राखावी, यावर कोणी काही म्हणत नाही.

दुसरी गोष्ट दिल्लीची. संसदेने चित्रपट कामगारांच्या सेवाशर्तींचा कायदा केला. लेखी करार झालाच पाहिजे, तंट्याचा निवाडा झाला पाहिजे, अशा चांगल्या तरतुदी त्यात होत्या. पण चित्रपट कामगार कोण? तर कथापटाच्या निर्मितीत काम करणारा. आणि कथापट कोणता? ज्यात अनेक पात्रांभोवती गोष्ट गुंफलेली आहे आणि जिचे कथानक निवेदनातून नव्हे, तर मुख्यतः संवादांतून उलगडते तो. म्हणजे नायकाच्या अंगावर पाऊस पाडणारा माणूस कामगार ठरला आणि निपाणीच्या वखारीत तंबाखूच्या धुळीत कॅमेरा धरून उभा राहिलेला माणूस कामगार ठरला नाही. दोघांचे तंत्र एक, यंत्र एक, घाम एक. फरक इतकाच की पहिला खोटी गोष्ट चित्रित करीत होता आणि दुसरा खरी. कायद्याची भाषा लिहिणाऱ्याच्या मनात दुष्टावा असेल असे नाही. अनुबोधपट म्हणजे सरकारी नोकरांचे काम, त्यांना वेगळे संरक्षण कशाला, असे त्याला वाटले असावे. पण पुढे सरकारी नोकरी आटली आणि व्याख्या मात्र चाळीस वर्षे तशीच राहिली.

तिसरी गोष्ट मुंबईतल्या विधिमंडळाची. त्याच १९८१ साली महाराष्ट्राने खाजगी सुरक्षारक्षकांसाठी कायदा केला, मंडळ नेमले. त्याचा विषय पुढे येईलच.

नोव्हेंबर २०२५ मध्ये केंद्राने चार कामगार संहिता अमलात आणल्याचे जाहीर केले. त्यांतल्या व्यावसायिक सुरक्षेच्या संहितेत जुना चित्रपट कामगार जाऊन 'दृक्‌श्राव्य कामगार' आला. त्याची व्याख्या विस्तृत आहे. कथापटेतर चित्रपट, मालिका, जाहिराती, संगणकीय निर्मिती असे सगळे तीत आहे. लेखी करार, वेतन, भविष्यनिर्वाह निधी, कामाचे तास, सगळ्यांचा उल्लेख आहे. चव्वेचाळीस वर्षांनी चूक सुधारली, असे म्हणून टाळी वाजवण्यापूर्वी 'आस्थापना' या शब्दाची व्याख्या वाचावी. दृक्‌श्राव्य निर्मितीत दहा किंवा अधिक कामगार असतील तरच ती आस्थापना. अनुबोधपटाच्या पथकात माणसे किती असतात? तीन, चार, फार तर पाच. सातारा रस्त्यावरच्या एखाद्या सभागृहात चाललेल्या गाण्याच्या स्पर्धेचे चित्रीकरण कायद्यात बसेल, आणि रामटेकडीच्या कचरावेचकांबरोबर सहा महिने फिरणारे तिघांचे पथक बसणार नाही. १९८१ मध्ये दरवाजा बंद होता. आता दरवाजा उघडा आहे, पण उंबरठा दहा माणसांच्या उंचीचा आहे.

गंमत अशी की राज्यसंस्थेच्या दुसऱ्या हाताला हा माणूस चांगला ओळखीचा आहे. प्राप्तिकराच्या नियमांत 'चित्रपट कलावंत' या सदराखाली कॅमेरामन आणि संकलक यांची नावानिशी नोंद आहे. व्यावसायिक म्हणून त्यांच्या मोबदल्यातून दहा टक्के मुळातच कापून घेतले जातात. कर घेताना तो डॉक्टर-वकिलांच्या पंक्तीत, आणि आजारपणात, अपघातात, म्हातारपणात तो कुठल्याच पंक्तीत नाही.

यावर एक आधुनिक उत्तर ठरलेले असते. कॅमेरा आता स्वस्त झाला, संकलन घरच्या संगणकावर होते, लोकशाहीकरण झाले, मग तक्रार कशाची? हा युक्तिवाद बारकाईने पाहिला पाहिजे, कारण त्यात अर्धे सत्य आहे. यंत्राची किंमत उतरली, हे खरे. पण पूर्वी महाग यंत्र संस्थेचे असे. आता स्वस्त यंत्र कामगाराने स्वतः विकत घ्यायचे असते. कॅमेरा त्याचा, भिंगे त्याची, संगणक त्याचा, साठवणीच्या तबकड्या त्याच्या, या सगळ्याचे हप्ते त्याचे. दर तीन-चार वर्षांनी यंत्र जुने होते आणि नवे घ्यावे लागते. भांडवल गुंतवण्याची जोखीम भांडवलदाराकडून उचलून मजुराच्या डोक्यावर ठेवली, याला लोकशाहीकरण म्हणायचे असेल, तर मागवाल्याला स्वतःचा माग आणि स्वतःचे कर्ज घेऊन मालकाच्या सुतावर कापड विणायला लावणारी जुनी व्यवस्थाही लोकशाहीच होती.

मग ही माणसे जगतात कशावर? हडपसरमध्ये त्याचे उत्तर सापडते. मगरपट्टा, अमनोरा, मुंढव्यापर्यंत पसरलेल्या माहिती-तंत्रज्ञानाच्या इमारती आणि जुनी औद्योगिक वसाहत या सगळ्यांना स्वतःच्या कौतुकाच्या चित्रफिती हव्या असतात. वार्षिक समारंभ, नव्या मालाचे अनावरण, घरविक्री, लग्ने, आणि पाच वर्षांनी निवडणुका. चित्रपट शिक्षणाच्या संस्थांतून बाहेर पडलेला तरुण महिन्याचे वीस दिवस हे काम करतो आणि उरलेल्या दहा दिवसांत, जमल्यास, अनुबोधपट. बोली तोंडी होते. निम्मे पैसे आगाऊ मिळाले तर नशीब. उरलेल्यांसाठी फोनवर फोन. अनुबोधपटवाला मित्र तर बहुधा पैशांऐवजी नामावलीत नाव देतो. ते नाव पडद्यावर दीड सेकंद दिसते.

मगरपट्ट्याची गोष्ट या विषयाला धरून आहे. हडपसरच्या सुमारे १२० शेतकरी कुटुंबांनी आपली सुमारे ४०० एकर जमीन बिल्डरांना न विकता स्वतःच कंपनी काढली, जमिनीच्या प्रमाणात भाग वाटून घेतले आणि २००० सालापासून तिथे नगर उभे केले. सहकाराच्या या महाराष्ट्रात ही घटना अभ्यास करण्याजोगी आहे, आणि जगभरातल्या लोकांनी ती अभ्यासली आहे. परंतु भाग मिळाला तो सातबाऱ्यावर ज्याचे नाव होते त्याला. त्या ऊस-भाजीपाल्याच्या शेतांत पिढ्यान्‌पिढ्या राबणाऱ्या भूमिहीनाचे नाव सातबाऱ्यावर नव्हते. तो या गणितात आला नाही. हा प्रश्न यशोगाथेच्या चित्रफितीत विचारला जाणार नाही, कारण चित्रफितीचे पैसे यशस्वी माणूस देतो. तो अनुबोधपटात विचारला जाईल, आणि अनुबोधपटाचे पैसे कोणी देत नाही. जो समाज स्वतःच्या परिवर्तनाचे चित्रण केवळ जाहिरातदारांवर सोपवतो, त्याच्या नातवंडांना हडपसर म्हणजे हिरवळ, कारंजी आणि हसरी कुटुंबे एवढेच दिसेल.

चित्रपटालाही सातबारा असतो. १९५७ चा स्वामित्वहक्क कायदा हा तो उतारा. त्याच्या दृष्टीने चित्रपटाचा कर्ता म्हणजे निर्माता. २०१२ मध्ये दुरुस्ती झाली, गीतकार आणि संगीतकार यांना उत्पन्नात न सोडता येणारा वाटा मिळाला. दिग्दर्शकाला सहकर्ता मानण्याचा मूळ मसुद्यातला विचारही अखेर गळाला, तिथे कॅमेरामन आणि संकलक यांची काय कथा! ज्याने शेत कसले, त्याचे नाव उताऱ्यावर नाही. फिल्म्स डिव्हिजन ज्या वर्षी जन्मली त्याच १९४८ साली मुंबई राज्याने कूळकायदा केला होता. कसणाऱ्याला हक्क असतो हे तत्त्व शेतीत मान्य झाले, आणि चित्रपटात त्याचा उच्चारही झाला नाही. रमाबाई आंबेडकर नगरातल्या ११ जुलै १९९७ च्या गोळीबारात दहा जण ठार झाले; त्यानंतर 'जय भीम कॉम्रेड' पुरा होण्यास चौदा वर्षे लागली. तो पट जगभर गेला. चौदा वर्षांच्या अशा कामाचा खर्च कोणत्या खात्यावर मांडायचा, हे कोणत्याही सरकारी अनुदानाच्या अर्जात विचारलेले नसते. पटवर्धनांसारखा एखादा माणूस स्वतः कॅमेरा धरून, स्वतः संकलन करून, आयुष्य वेचून ते निभावतो. त्याच्या तपश्चर्येला नमस्कार करून बाकीच्या समाजाने मोकळे व्हावे, ही सोय मात्र फार स्वस्तातली आहे.

तपश्चर्येचाच मुद्दा पुढे करणारे आणखी लोक आहेत, आणि ते सज्जन आहेत. ते म्हणतात, हे ध्येयाचे काम. त्याला वेतनश्रेणी आणि निधी लावलात तर त्यातला आत्मा जाईल. मराठी समाजाने शिक्षकाला, ग्रंथपालाला, परिचारिकेला हेच ऐकवले आहे. ध्येयवाद दुसऱ्याच्या पोटाला चिमटा काढून जोपासायचा, ही मध्यमवर्गाची आवडती नीती आहे. वस्तुतः विनावेतन ध्येयाचा परिणाम उलटा होतो. घरची सुबत्ता असेल तोच अशा कामात टिकतो. मग रामटेकडीच्या वस्तीवर पट काढणारी माणसे रामटेकडीची नसतात, आणि तिथल्या मुलीला कॅमेरा धरण्याची इच्छा असली तरी वडिलांच्या मागे घर चालवायचे म्हणून ती मॉलच्या काउंटरवर उभी राहते. कोणाच्या डोळ्यांनी कोणाला पाहायचे, याचा निकाल अशा रीतीने पगाराच्या पाकिटात लागतो.

उपाय शोधायला परदेशी जाण्याचे कारण नाही. अनेक मालक, थोड्या थोड्या वेळाचे काम, तोंडी बोली, यंत्रणेत नाव नाही: ही ज्याची अवस्था, असा एक कामगार महाराष्ट्राने पूर्वी पाहिला आहे. त्याचे नाव हमाल. सकाळी एका व्यापाऱ्याची पोती, दुपारी दुसऱ्याची. मालक कोण हे ठरेना, म्हणून कामगार कायदा लागू होईना. १९६९ च्या माथाडी कायद्याने तो पेच मोठ्या कल्पकतेने सोडवला. मालक एक असण्याची अटच काढून टाकली. मालक, कामगार आणि शासन यांचे मंडळ. त्यात मालकाचीही नोंदणी, हमालाचीही नोंदणी. मजुरी मंडळात जमा करायची, तिच्यावर ठरावीक टक्के लेव्ही भरायची, आणि त्यातून भविष्यनिर्वाह निधी, रजा, उपदान यांची तरतूद. मुंबईत अण्णासाहेब पाटलांनी आणि पुण्यात डॉ. बाबा आढाव यांच्या हमाल पंचायतीने तो कायदा कागदावरून बाजारात आणला. डिसेंबर २०२५ मध्ये बाबा गेले तेव्हा त्यांच्या साधेपणावर पुष्कळ लिहिले गेले; त्यांच्या कामामागच्या या आर्थिक विचाराची चर्चा त्या मानाने थोडी झाली. सुरक्षारक्षकांचा १९८१ चा कायदा याच साच्यातला. म्हणजे हडपसरच्या एखाद्या कंपनीच्या फाटकावर उभ्या असलेल्या रक्षकासाठी राज्याने मंडळ केले. त्याच फाटकातून आत जाऊन कंपनीचे चित्रण करणाऱ्या कॅमेरामनसाठी ते का करता येऊ नये? २००८ मध्ये घरकामगारांसाठीही मंडळाचा कायदा झाला. तो दुबळा आहे, अंमलबजावणी रडतखडत आहे, पण 'मोलकरीण' पटातल्या स्त्रियांना निदान कायद्यात नाव मिळाले. त्यांचा लढा चित्रित करणारे मात्र अजून बिननावाचे आहेत.

आक्षेप काय येतील ते उघड आहे. कॅमेरा धरणाऱ्या शिकलेल्या माणसाला हमालाच्या रांगेत बसायला लाज वाटेल, हा पहिला. ती लाज त्याने सोडावी. हमालाकडे निधीचे खाते आहे आणि याच्याकडे नाही. माथाडीच्या नावाखाली खंडणीखोरी चालते, हा उद्योजकांचा आक्षेप खोटा नाही. चाकण-रांजणगावकडे असल्या टोळ्या आहेत. पण त्या टोळ्या नोंदणीच्या बाहेर वाढल्या, मंडळामुळे वाढल्या नाहीत. तिसरा आक्षेप, गरीब अनुबोधपटवाला लेव्ही कुठून भरणार? तो भरणार नाही. लेव्ही कामाच्या पैशावर बसते, आणि दृक्‌श्राव्य धंद्यातला पैसा अनुबोधपटात नाहीच; तो कंपन्यांच्या चित्रफितींत, जाहिरातींत, वाहिन्यांत, इंटरनेटवरच्या मालिकांत आणि सरकारी प्रसिद्धीच्या निविदांत आहे. तीच माणसे वीस दिवस तिथे राबतात. त्या वीस दिवसांवरच्या लेव्हीतून त्यांचा निधी उभा राहिला, तर उरलेले दहा दिवस ती निश्चिंतपणे अनुबोधपटाला देऊ शकतील. शिवाय चित्रपटगृहांच्या त्या जुन्या एक टक्क्याचे तत्त्व वाहिन्यांना आणि इंटरनेटवरच्या मंचांना लागू केल्यास अनुबोधपटाच्या स्वायत्त निधीची सोय होईल. तो निधी मंत्रालयाच्या हाती न देता, निवडलेल्या मंडळाच्या हाती द्यावा लागेल, एवढी शिकवण आणीबाणीने दिलीच आहे.

निर्मात्यांची संघटना या क्षेत्रात १९५६ पासून आहे. पडद्यामागच्यांची नाही, मुंबईतल्या कामगार संघटना कथापट आणि मालिकांभोवती फिरतात. संघटना कोण बांधणार, हा प्रश्न पुण्यातल्या समाजवादी कार्यकर्त्यांनी स्वतःला विचारावा. हमालांची बांधली, रिक्षावाल्यांची बांधली, कचरावेचकांची बांधली. आणि प्रत्येक मोर्चाचे चित्रण करायला आलेल्या पोराला चहा पाजून परत पाठवले.

श्रम हा विषय समवर्ती सूचीतला असल्याने दहा माणसांच्या उंबरठ्याखाली राहिलेल्यांसाठी महाराष्ट्र विधिमंडळ स्वतःचा कायदा करू शकते. त्याला वेळ लागेल. पण पुणे महानगरपालिकेपुरती एक गोष्ट या वर्षीच होण्यासारखी आहे. पालिका आपल्या प्रकल्पांच्या प्रसिद्धिफितींसाठी जेव्हा निविदा काढील, तेव्हा कंत्राटदाराने कॅमेरामनपासून गाडीचालकापर्यंत प्रत्येकाशी लेखी करार केला पाहिजे, मोबदला तीस दिवसांत थेट खात्यात जमा केला पाहिजे, प्रत्येकाचे नाव फितीवर वाचता येईल इतका वेळ दाखवले पाहिजे, आणि कच्च्या चित्रणाची एक प्रत पालिकेच्या अभिलेखात जमा केली पाहिजे, ही अट तिने घालावी. तिच्यासाठी दिल्लीची परवानगी लागत नाही. हडपसरच्या नगरसेवकांनी सभेत ठराव मांडला तरी पुरे.